पिसवा खऱ्या की कमिशन खरं?

"शास्त्रज्ञांचंच आपापसात जमत नाही, मग आपण कुणाचं ऐकायचं?" हा सवाल लोकलच्या डब्यात, सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आणि लग्नाच्या पंगतीत सारख्याच तोऱ्यात विचारला जातो. विचारणाऱ्याचा समज असा असतो की विज्ञानात प्रयोग करायचा, उत्तर बघायचं आणि वही मिटायची. त्यात भांडायला जागा कुठली? आणि तरीही भांडण झालंच, तर दोघांपैकी एक नक्की लबाड नाहीतर अडाणी.

खरं तर वैज्ञानिकांची मोठी भांडणं उत्तरापेक्षा उत्तर काढण्याच्या रीतीवरून होतात. कुठला पुरावा धरायचा आणि कुठला सोडायचा? एकाला जमलेला प्रयोग दुसऱ्याला जमला नाही, तर खापर कुणाच्या डोक्यावर फोडायचं? आणि हे सगळं ठरवण्याचा मान कुणाचा? याची उदाहरणं शोधायला युरोपात जायला नको. मांडवी, भायखळा, परळ आणि ट्रॉम्बे एवढ्या टापूत पुरेशी घडून गेली आहेत.

सप्टेंबर १८९६. मांडवीच्या दाट वस्तीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी तापाने फणफणलेले, गाठ आलेले रोगी तपासले आणि हा प्लेग आहे असं जाहीर केलं. (धोबीतलावला मेट्रोसमोर ज्यांचा पुतळा आहे ते हेच. त्या सिग्नलला थांबणाऱ्या हजारातल्या एकालाही हे नाव ठाऊक नसावं.) रोगाचा जंतू कोणता, हा प्रश्न तोवर बराचसा सुटला होता. दोनच वर्षांपूर्वी हाँगकाँगच्या साथीत येर्सिन आणि कितासातो यांनी त्यावर काम केलं होतं. अडलं होतं ते पुढे. हा जंतू एका शरीरातून दुसऱ्या शरीरात पोचतो कसा?

सरकारी डॉक्टरांचा रोख हवेवर, ओलीवर आणि घाणीवर होता. त्यामुळे गटारांत समुद्राचं पाणी सोडलं गेलं, भिंतींवर चुना फासला गेला, कार्बोलिक या जंतुनाशकाचे फवारे मारले गेले आणि ऊन आत यावं म्हणून चाळींची कौलंसुद्धा उतरवली गेली. रोगी शोधायला गोरे सोजीर घरात शिरले. पुण्यात याच कारभारापायी रँडचा खून झाला आणि मुंबईत १८९८ च्या मार्चमध्ये दंगल उसळली. रीतीचा वाद हा काही वातानुकूलित सभागृहातला खेळ नव्हता. चुकीचं उत्तर निघालं तर माणसांच्या डोक्यावरचं छप्पर जात होतं.

लोकांना मात्र एक गोष्ट केव्हाची दिसत होती. आधी उंदीर पडतात, मग माणसं. कुमाऊँ-गढवालच्या खेड्यांत उंदीर मरायला लागले की गाव सोडून रानात राहायला जायची रीतच होती. पण लोकांचं पाहणं हा त्या काळी पुरावा मानला जात नव्हता. आणि मानला असता तरी उंदीर आणि माणूस एकाच घाणीने मरतात, असंही म्हणता आलं असतंच की.

इथे पॉल-लुई सिमोंद हा फ्रेंच डॉक्टर येतो. पाश्चर इन्स्टिट्यूटने येर्सिननंतर त्याला हिंदुस्थानात धाडला होता. रोगी तपासताना त्याला काहींच्या अंगावर बारीकसा फोड दिसला आणि त्या फोडातल्या पाण्यात प्लेगचे जंतू मिळाले. बहुधा पायावर, जिथे काहीतरी चावलं असावं अशा जागी. दुसरी गोष्ट त्याच्या ध्यानात आली ती अशी, की नुकताच मेलेला उंदीर हाताळणारे आजारी पडत, पण बराच वेळ मरून पडलेला उंदीर उचलणाऱ्यांना काही होत नसे. घाणीचा सिद्धांत खरा असता तर उलटं व्हायला हवं होतं. उंदीर गार झाला की त्याच्या अंगावरून उठून जातं असं काय असेल? पिसवा.

जून १८९८ मध्ये कराचीच्या एका हॉटेलच्या खोलीत त्याने प्रयोग लावला. काचेची मोठी बरणी घेतली, तळाशी वाळू टाकली, त्यात प्लेग झालेला, पिसवा अंगावर असलेला उंदीर सोडला. पिसवा कमी पडतील म्हणून हॉटेलात हिंडणाऱ्या मांजराच्या अंगावरच्या काही वेचून टाकल्या. उंदीर शेवटच्या घटका मोजू लागला तेव्हा बरणीत तारेच्या जाळीचा छोटा पिंजरा अधांतरी टांगला आणि त्यात धडधाकट उंदीर ठेवला. दोघांचा स्पर्श होणार नाही, पण पिसू जाळीतून पार होईल अशी तजवीज. आजारी उंदीर मेला. काही दिवसांनी वरचाही प्लेगने मेला. उलट तपासणीही त्याने केली. पिसवा नसलेला रोगी उंदीर निरोगी उंदरांसोबत ठेवला, तेव्हा त्यांना काही झालं नाही.

आज वाचताना वाटतं, संपलं की! पण तसं झालं नाही. हिंदुस्थान सरकारने नेमलेल्या प्लेग कमिशनने गावोगाव साक्षी घेऊन जाडजूड अहवाल तयार केला आणि त्यात चावणाऱ्या किड्यांचा मुद्दा बाजूला सारला. गंमत म्हणजे याच सुमाराला रोनाल्ड रॉसने सिकंदराबादेत डासाच्या पोटात मलेरियाचा जंतू दाखवला होता आणि ते जग मान्यही करत होतं. डास चालतो, पिसू का चालत नाही?

सिमोंदवर हसणाऱ्यांना मूर्ख ठरवणं आता सोपं आहे. मला तरी त्यांच्या हरकती रास्त वाटतात. प्राणी मोजके होते. युरोपात दुसऱ्यांनी तेच करून पाहिलं तेव्हा बहुतेकांना जमलं नाही. त्याहून मोठी हरकत अशी की, उंदरावरची पिसू माणसाला चावतच नाही, असं काही जाणकारांनी स्वतः पाहून लिहिलं होतं. ती चावतच नसेल तर बरणीतल्या उंदरांचं काहीही होवो, मांडवीतल्या माणसाचा त्याच्याशी संबंध काय?

आता यातला पेच नीट बघा, कारण सगळा लेख या एका पेचावर उभा आहे. दुसऱ्याला प्रयोग जमला नाही, याचे दोन अर्थ निघतात. सिमोंदचं म्हणणं खोटं आहे, किंवा दुसऱ्याने प्रयोग नीट केला नाही. यातलं काय खरं ते कळायला नीट केलेला प्रयोग कुठला ते माहीत हवं. आणि नीट केलेला प्रयोग कुठला, तर ज्यात बरोबर उत्तर येतं तो! उकडीचे मोदक फुटले की असंच होतं. पीठ जुनं होतं, पाणी कमी पडलं, की हात बसलेला नाही? हात बसलाय की नाही हे मोदकांवरूनच कळणार, आणि मोदक होणार ते हात बसला असेल तरच. हॅरी कॉलिन्स या ब्रिटिश समाजशास्त्रज्ञाने या चक्राला नाव दिलं. मराठीत त्याला प्रयोगकर्त्याचा फेरा म्हणता येईल. त्याने तो पाहिला गुरुत्वीय लहरी शोधणाऱ्या भौतिकशास्त्रज्ञांमध्ये. जोसेफ वेबर या अमेरिकन संशोधकाने अॅल्युमिनियमच्या मोठ्या दंडगोलांवर त्या लहरी टिपल्याचा दावा १९६९ मध्ये केला, बाकीच्यांना काहीच मिळालं नाही, आणि वेबरचं उत्तर ठरलेलं होतं: तुमचं यंत्र माझ्यासारखं नाही. त्या लहरी खरोखर सापडल्या २०१५ मध्ये, अमेरिकेतल्या लायगो यंत्रांवर. लायगोची भारतातली वेधशाळा आपल्या हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथजवळ होते आहे.

म्हणजे वाद चालू असताना पुढे बरोबर ठरणारा आणि पुढे चूक ठरणारा, दोघंही अगदी एकच वाक्य बोलतात: "तुम्ही नीट केलं नाहीत." आवाज तोच, आत्मविश्वास तोच, चिडचिडही तीच. नुसतं ऐकून कळायला मार्ग नाही. फरक पडतो तो पुढच्या पावलावर. "नीट केलं नाहीत" म्हणजे नेमकं काय चुकलं, हे कुणी सांगतं का, आणि ते वेगळं काढून तपासता येतं का?

पिसवांच्या बाबतीत ते पाऊल मुंबईत टाकलं गेलं. इंडियन मेडिकल सर्व्हिसमधला विल्यम ग्लेन लिस्टन परळच्या प्लेग प्रयोगशाळेत काम करत होता. भायखळ्याच्या राणीच्या बागेत पाळलेले गिनिपिग एकाएकी मरायला लागले. लिस्टनने पाहिलं, प्लेग होता. आणि गिनिपिगांच्या अंगावर पिसवा होत्या, त्याही उंदरांवरच्या. एरवी गिनिपिगवर पिसू सहसा सापडत नाही. मग त्याला सुचलं की गिनिपिग हाच पिसवा पकडायचा सापळा म्हणून वापरता येईल. प्लेगच्या घरात गिनिपिग मोकळा सोडायचा आणि थोड्या वेळाने त्याच्या अंगावरच्या पिसवा वेचून त्यांची पोटं सूक्ष्मदर्शकाखाली उघडायची.

१९०३ मध्ये एका चाळीत उंदीर पडले. रहिवासी खोल्या सोडून बाहेर व्हरांड्यात झोपायला लागले, पण तिथेही पिसवांनी त्यांना झोपू दिलं नाही. त्यांच्या अंगावरून पकडलेल्या पिसवा लिस्टनकडे आल्या, तेव्हा त्यातल्या जवळजवळ निम्म्या उंदरावरच्या निघाल्या. उंदरावरची पिसू माणसाला चावत नाही म्हणणाऱ्यांना हे उत्तर होतं. पण मग युरोपातल्या त्या जाणकारांनी पाहिलं ते खोटं होतं का? नव्हतं. इथली पिसूच वेगळी! युरोपातल्या उंदरांवर बहुतांशी एक जात, मुंबईच्या उंदरांवर दुसरी, जिला पुढे झेनॉप्सिला चिऑपिस हे नाव रूढ झालं. ही दुसरी उंदीर मेला की भुकेपोटी माणसावर तुटून पडते. 'पिसू' हा एकच शब्द वापरून दोन्ही बाजू दोन वेगळ्या किड्यांबद्दल हमरीतुमरीवर आल्या होत्या. लिस्टनने हे सगळं १९०५ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात मांडलं. पक्षी आणि फुलपाखरं बघणाऱ्यांच्या मासिकात हो! किड्यांच्या जाती ओळखणारी माणसं डॉक्टरांत नव्हती, तिथे होती.

१९०५ मध्ये नवं संशोधन मंडळ परळला आलं. रॉयल सोसायटी, लंडनची लिस्टर इन्स्टिट्यूट आणि इंडिया ऑफिस यांनी मिळून नेमलेलं. या मंडळाने जे केलं ते मला आजही प्रयोग कसा रचावा याचा उत्तम धडा वाटतं. त्यांनी आवारात सहा छोटी गोदामं बांधली, मुंबईतल्या घरांसारखी. फरक होता छपरात. दोन गोदामांना साधी देशी कौलं, ज्यात उंदीर हवे तेवढे राहतात. दोघांना मंगलोरी कौलं, तिथे उंदरांना थोडी अडचण. आणि दोघांना पन्हाळी पत्रा, जिथे उंदराला ठाव नाही. छपराखाली तारेची जाळी, म्हणजे उंदीर खाली येणार नाही. पिसू मात्र येईल. आता खाली निरोगी आणि प्लेगचे गिनिपिग एकत्र सोडले. हवा एक, जमीन एक, स्पर्श एक, घाणही एक. कौलांच्या गोदामांत रोग पसरला. पत्र्याच्या गोदामांत, जिथे पिसवाच नव्हत्या, तिथे रोगी आणि निरोगी एकमेकांना चिकटून राहिले तरी तो पसरेना. मग पत्र्याच्या गोदामात मुद्दाम पिसवा सोडल्या, आणि पसरला.

तरी कुणी म्हणेल, विष जमिनीतून वर येत असेल. मग पिंजरे टांगले. एक जमिनीपासून दोन इंचांवर, एक दोन फुटांवर. पिसू काही इंचच उडी मारते. खालच्या पिंजऱ्यातला प्राणी मेला, वरचा जगला. आणि हवा तर दोघांची तीच. आणखी कुणाला शंका? पिंजरा जमिनीवरच ठेवला, पण भोवती माश्या पकडायच्या चिकट कागदाचा रुंद पट्टा घातला. पिसवा कागदावर अडकून पडल्या आणि आतला प्राणी वाचला. समोरच्याची प्रत्येक सबब घ्यायची आणि तिला स्वतःचा एक पिंजरा द्यायचा. एवढं झाल्यावर वाद विझला. पिसूच्या पोटात जंतू साचून घसा तुंबतो आणि चावताना ते रक्तात ओकले जातात, ही बारकी यंत्रणा बॅको आणि मार्टिन यांनी १९१४ मध्ये दाखवली. पण कौलं उतरवण्यात अर्थ नव्हता, हे परळला त्याआधीच ठरलं होतं.

हे वाचून असं वाटेल की चांगला प्रयोग रचला की भांडण मिटतं. तसं नेहमी होत नाही. त्याच परळच्या आवारातली दुसरी गोष्ट पाहा.

वाल्देमार हाफकिन हा ओदेसाचा ज्यू, शिक्षणाने प्राणिशास्त्रज्ञ, डॉक्टर नव्हे. ऑक्टोबर १८९६ मध्ये तो मुंबईत आला आणि ग्रँट मेडिकल कॉलेजमधल्या तुटपुंज्या जागेत, हाताशी एक कारकून आणि तीन शिपाई घेऊन, त्याने प्लेगची लस बनवली. १० जानेवारी १८९७ रोजी स्वतःला टोचून घेतली. महिनाअखेरीस भायखळ्याच्या तुरुंगात प्लेग शिरला तेव्हा तयार होणाऱ्या कैद्यांना लस दिली, बाकीचे तसेच राहिले. टोचलेल्यांत रोग कमी दिसला. मग प्रश्न सुरू झाले. जे आपणहून पुढे आले ते मुळात जास्त तगडे किंवा जास्त सावध नसतील कशावरून? टोचल्या दिवशीच ज्यांना ताप भरला त्यांना कुठल्या रकान्यात घालायचं? हाफकिनने त्यांना आधीच लागण झालेली होती म्हणून वगळलं. टीकाकारांच्या मते तिथेच आकडे गोड दिसायला लागले.

त्याने हरकत मनावर घेतली. १८९८ मध्ये बडोद्याजवळच्या उंधेरा गावात प्रत्येक कुटुंबातल्या साधारण निम्म्या माणसांना लस दिली आणि निम्म्यांना नाही, म्हणजे घर, अन्न, उंदीर, सगळं सारखं. टोचलेल्या ७१ जणांपैकी ३ दगावले, न टोचलेल्या ६४ पैकी २६. आज असा प्रयोग नीतिमत्तेच्या समितीपुढे क्षणभर टिकणार नाही, तो भाग वेगळा. पण तुलना कशी करावी याची अक्कल त्यात आहे. प्लेग कमिशननेही लसीचा उपयोग होतो हे मान्य केलं. मात्र लसीचा डोस मोजण्याच्या रीतीवर आणि हिशेबांवर त्यांनी कडक ताशेरे मारले.

तुलनेची ही अक्कल आपण मात्र दर साथीला नव्याने शिकतो. करोनात बरं झालेल्यांचा प्लाझ्मा मिळावा म्हणून मुंबईत नातेवाईक रात्रीबेरात्री फोन फिरवत होते. "आमच्या काकांना दिला आणि ते उठून बसले" ही गोष्ट खरी असते. पण न देताही किती काका उठून बसले असते, हे त्या गोष्टीत नसतं. आयसीएमआरने ३९ रुग्णालयांतल्या ४६४ रुग्णांवर, कुणाला प्लाझ्मा द्यायचा ते चिठ्ठ्या टाकल्यासारखं ठरवून, तपासलं. मृत्यू काही घटले नाहीत. निष्कर्ष २०२० मध्येच छापून आला, उपचारांच्या यादीतून प्लाझ्मा निघाला तो मे २०२१ मध्ये. मधल्या काळातली धावपळ फुकट गेली.

हाफकिनकडे परत. ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या मुलकोवाल गावी १०७ जणांना लस टोचली. त्यातल्या १९ जणांना धनुर्वात झाला आणि सगळे मेले. एकोणीसही जण एकाच बाटलीतले, क्रमांक ५३-एन. बाटली परळहून आलेली. लस मोठ्या प्रमाणात लागत होती म्हणून हाफकिनने बनवायची पद्धत बदलली होती, आणि पूर्वी त्यात कार्बोलिक ॲसिड घालत ते आता घालत नसत. मुंबईचे सरन्यायाधीश सर लॉरेन्स जेंकिन्स यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती बसली. निष्कर्ष: बाटली उघडण्याआधीच दूषित होती. म्हणजे दोष परळचा. हाफकिनला घरी बसवलं गेलं.

पण नोंदींत आणखी काही होतं. बाटली उघडताना वापरायचा चिमटा मदतनिसाच्या हातून जमिनीवर पडला होता आणि तो नुसता कार्बोलिकमध्ये बुचकळून पुन्हा वापरला गेला. धनुर्वाताचे जंतू मातीत असतात. शिवाय ते बाटलीत कित्येक आठवडे वाढले असते तर झाकण काढताच दुर्गंध यायला हवा होता, आणि तयार विष शरीरात गेल्याने लक्षणं झटपट दिसायला हवी होती. ती दिसली आठवडाभराने. कार्बोलिकचं म्हणाल, तर धनुर्वाताचे चिवट बीजाणू त्या मात्रेने मेलेच असते याची खात्री कुणालाच देता येत नव्हती.

हा वाद प्रयोगाने सुटणारा नव्हता. बाटली एकच होती आणि ती उघडून झाली होती. उरलं होतं ते मागे जाऊन केलेलं अनुमान, आणि समितीने 'प्रस्थापित पद्धत मोडली' या एका गोष्टीला अनुमानात नको इतकं वजन दिलं. परदेशी माणूस, डॉक्टर नसलेला, सरकारी वैद्यकीय सेवेच्या वर्तुळाबाहेरचा. हे वजन देताना याचा काहीच प्रभाव पडला नसेल यावर माझा विश्वास बसत नाही. पुढे रोनाल्ड रॉस आणि इतर नामवंतांनी १९०७ मध्ये लंडनच्या टाइम्समध्ये पत्रं लिहिली, तेव्हा कुठे हाफकिनवरचा ठपका उतरला. तोपर्यंत त्याच्या उमेदीची वर्षं गेली होती. १९२५ मध्ये परळच्या संस्थेला त्याचं नाव मिळालं. रीत योग्य की अयोग्य, हे ठरवणाऱ्या खुर्चीत कोण बसलंय, यावरही बरंच अवलंबून असतं, हे वैज्ञानिकांना मान्य करायला जड जातं.

आता ट्रॉम्बे. २३ मार्च १९८९ रोजी अमेरिकेतल्या युटा विद्यापीठात मार्टिन फ्लायशमन आणि स्टॅन्ली पॉन्स या दोन रसायनशास्त्रज्ञांनी पत्रकार परिषद घेतली. जड पाण्यात पॅलेडियमची कांडी बुडवून वीज सोडली की सूर्यात चालतं तसं अणुकेंद्रांचं मीलन साध्या टेबलावर होतं, असा दावा. 'शीत संमीलन'. भाभा अणुसंशोधन केंद्राकडे जड पाणी होतं, ट्रिटियम (हायड्रोजनचं किरणोत्सर्गी रूप) आणि न्यूट्रॉन मोजण्यात मुरलेली माणसं होती आणि संचालक पी. के. अय्यंगार यांना उत्साह होता. काही आठवड्यांत अनेक गट कामाला लागले. अय्यंगार आणि एम. श्रीनिवासन यांनी संपादित केलेला बीएआरसी-१५०० हा अहवाल त्याच वर्षी निघाला. त्यात संमीलनाच्या खुणा, म्हणजे न्यूट्रॉन मिळाल्याच्या नोंदी होत्या आणि ट्रिटियमच्याही.

इथलं भांडण फार बोलकं आहे. रसायनशास्त्रज्ञ म्हणत, आम्ही उष्णता मोजली, जेवढी वीज घातली त्याहून जास्त निघाली, बस्स. भौतिकशास्त्रज्ञ म्हणत, संमीलनातून एवढी उष्णता निघाली असती तर सोबतच्या न्यूट्रॉनांनी खोलीतली माणसं जगली नसती. तुमचं धडधाकट असणं हाच तुमच्या विरुद्धचा पुरावा! कुठलं मोजमाप शेवटचं मानायचं, यावरच एकमत नाही. ट्रॉम्बेचे आकडेही याच कात्रीत सापडले. नेहमीच्या संमीलनात ट्रिटियम आणि न्यूट्रॉन साधारण बरोबरीने निघतात. इथे ट्रिटियम न्यूट्रॉनांच्या कोट्यवधी पट होतं. मानणाऱ्यांनी म्हटलं, ही नवीनच प्रकारची अणुप्रक्रिया आहे. न मानणाऱ्यांनी म्हटलं, ट्रिटियम बाहेरून शिरलं असेल, मोजणीयंत्र फसलं असेल.

आणि ज्यांना काहीच मिळालं नाही त्यांना सांगितलं गेलं ते ओळखीचं वाक्य: तुम्ही नीट केलं नाहीत. पॅलेडियममध्ये पुरेसा ड्यूटेरियम, म्हणजे जड पाण्यातला जड हायड्रोजन, मुरला नाही, धातूचा तुकडा चांगला नव्हता, पुरेसे दिवस थांबला नाहीत. सिमोंदच्या बाजूनेही असंच काहीसं म्हणता आलं असतं, आणि ते खरं ठरलं असतं. म्हणून या खुलाशाला हसू नये, तो तपासावा. मुरण्याचं प्रमाण मोजता येतं. लोकांनी ते वाढवत नेलं. पण पिसूची जात ओळखल्यावर जसं 'ही घ्या, हिच्यात चालेल, तिच्यात नाही' असं कुणालाही दाखवता आलं, तसं इथे झालं नाही. एक अट पुरी केली की दुसरी अट पुढे यायची. ट्रॉम्बेचं काम नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला थंडावलं. गूगलने पैसे दिलेल्या एका गटाने काही वर्षं चिकाटीने सगळं पुन्हा करून पाहिलं आणि २०१९ मध्ये 'नेचर'मध्ये लिहिलं: पुरावा मिळाला नाही. तरी काही निष्ठावान संशोधक अजूनही काम करतात. त्यांना वेडे म्हणायला मी धजावणार नाही, पण माझे पैसे मी त्यात घालणार नाही.

म्हणून पुढच्या वेळी टीव्हीवर दोन तज्ज्ञ एकमेकांवर तुटून पडले, तर कोण मोठ्या पदावर आहे किंवा कोण जास्त शांत बोलतो हे बघण्यापेक्षा एक प्रश्न विचारून बघा. यातल्या कुणी सांगितलंय का, की अमुक दिसलं तर मी माझं म्हणणं सोडेन? परळच्या मंडळींनी ते टांगलेल्या पिंजऱ्यांनी सांगितलं होतं. वरचा गिनिपिग मेला असता तर पिसूचा सिद्धांत त्याच दिवशी गोत्यात आला असता.

आणि प्लेगचा वाद तरी पुरता मिटलाय कुठे? मुंबईच्या साथीचं श्रेय, किंवा अपश्रेय, उंदराच्या पिसूला आहे यात शंका उरलेली नाही. पण मध्ययुगीन युरोपातला प्लेग इतक्या झपाट्याने कसा पसरला, यावर २०१८ मध्ये नवी ठिणगी पडली. नॉर्वेतल्या आणि इटलीतल्या संशोधकांनी युरोपातल्या नऊ जुन्या साथींच्या मृत्यूंचे आलेख गणिती मॉडेलांशी ताडून पाहिले. नवांपैकी सात ठिकाणी उंदरांपेक्षा माणसाच्या अंगावरच्या पिसवा आणि उवा जास्त जुळल्या. त्याच नियतकालिकात लगेच दुसऱ्या गटाची हरकत छापून आली, की हा आधार फार कमकुवत आहे. सध्या काही जण पुरलेल्या सांगाड्यांच्या दातांतून जंतूचा डीएनए काढताहेत, काही जण उत्खननात उंदरांची हाडं मोजताहेत, काही जण जुन्या मृत्युनोंदी चाळताहेत, आणि यातला कुणाचा पुरावा वरचढ मानायचा यावर त्यांचं अजून जुंपलेलं आहे.